पंतोजी, मास्तर, शिक्षक

१८२६ साली मुंबईत शिकून तयार झालेले चोवीस शिक्षक दख्खन, कोकण आणि गुजरात या प्रांतांतील निरनिराळ्या गावी धाडण्यात आले. गावात शाळा चालविणारे लोक तोवर नव्हते असे नाही. परंतु शाळा चालविण्याकरिताच म्हणून, सरकारच्या पाठबळाने, मुद्दाम तयार केलेली पश्चिम भारतातील ही पहिली तुकडी. शिक्षणाच्या इतिहासांत या घटनेला दोन-चार ओळींपलीकडे सहसा जागा मिळत नाही. तथापि गावात कोणी शिकवावे, त्या शिकविणाऱ्याला कोणी शिकवावे आणि त्याच्या पोटाची सोय कोणी लावावी, या तीन प्रश्नांची सरकारदरबारी जी चर्चा पुढे शंभर-सव्वाशे वर्षे चालली, तिचा आरंभ येथे झाला.

त्यापूर्वीचा शिकविणारा म्हणजे पंतोजी. देवळाचा ओटा, एखाद्या वाड्याची पडवी किंवा सावकाराची ओसरी ही त्याची शाळा. मुलगा प्रथम आला की पाटीपूजन होई, 'ओनामा' गिरवून घेतला जाई, आणि मग धूळपाटीवर अक्षर आणि आकडा यांचा अभ्यास सुरू होई. पुढे बोरू, मोडीचे वळण, उजळणी, पावकी, निमकी, दिडकी. संध्याकाळी परवचा. छापील पुस्तक नव्हते, इयत्ता नव्हती, वेळापत्रक नव्हते. मुलाला जमाखर्च आणि पत्रव्यवहार येऊ लागला की शाळा संपली. पंतोजीचा चरितार्थ पालकांनी दिलेल्या चार पैशांवर, धान्यावर आणि सणावारी मिळणाऱ्या शिध्यावर चाले. त्याच्या छडीच्या आणि अंगठे धरून उभे करण्याच्या कथा मराठी आत्मचरित्रांतून इतक्या आल्या आहेत की, पंतोजी म्हणजे केवळ शिक्षा असा ग्रह व्हावा. तो खरा नाही. तोंडी हिशेबात त्याचे विद्यार्थी पुढल्या काळातील शाळांच्या विद्यार्थ्यांना सहज मागे टाकीत, ही गोष्ट इंग्रज अधिकाऱ्यांनीही मान्य केली आहे.

या शाळांचा विस्तार किती होता, याविषयी मतभेद झाले. मुंबई सरकारच्या कौन्सिलचे सभासद प्रेंडरगास्ट यांनी १८२१ मध्ये असा अभिप्राय नोंदविला की, आपल्या मुलखात एकही शाळा नाही असे गाव क्वचितच सापडेल. १८२९ च्या पाहणीत संपूर्ण इलाख्यात १,७०५ शाळा आणि सुमारे ३५ हजार विद्यार्थी आढळले. त्यांपैकी सरकारी शाळा अवघ्या २५. दोन्ही विधाने एकाच वेळी खरी असू शकत नाहीत. रा. वि. परुळेकर यांनी १८२० ते १८३० या दशकातील मूळ कागदपत्रे संपादून १९५१ साली प्रसिद्ध केली, त्यामुळे या वादाला निदान आधार तरी मिळाला. घरगुती शिकवणी मोजायची की नाही, यावर आकडा किती बदलतो हे त्यांतून दिसते. आकड्यांहून महत्त्वाची गोष्ट अशी की, ज्या शाळा होत्या त्यांच्या दारात मुली जवळजवळ नव्हत्या, आणि अस्पृश्य मानलेल्या जातींची मुले तर मुळीच नव्हती. देशी शिक्षणाच्या वैभवाविषयी लिहिताना या वाक्याला टाळा देण्याची पद्धत आहे; ती सोडली पाहिजे.

पंतोजीच्या शाळेची एक खोड मात्र थेट इंग्लंडला पोहोचली. मद्रासजवळ एग्मोर येथे लष्करी अनाथाश्रमाचे प्रमुख असलेले डॉ. अँड्र्यू बेल यांनी तेथील देशी शाळेत मुले वाळूत अक्षरे गिरवीत आहेत आणि मोठी मुले लहानांना शिकवीत आहेत, असे पाहिले. पगारी शिक्षक पुरेसे नसतानाही शाळा चालविता येते, एवढे त्यांनी त्यातून उचलले. १७९७ साली लंडनमध्ये त्यांनी आपल्या प्रयोगाचा वृत्तान्त छापला. जोसेफ लँकेस्टर यांनी अशाच रीतीचा स्वतंत्रपणे पुरस्कार केला. गरिबांच्या शिक्षणाची स्वस्त पद्धत म्हणून ती इंग्लंडभर पसरली. आणि वीस-पंचवीस वर्षांनी 'लँकेस्टरची पद्धत' या नावाने, विलायती सुधारणा म्हणून, ती मुंबईत परत आली. ज्या ओसरीवरून ती निघाली होती, त्याच ओसरीवरच्या पंतोजीला ती आता शिकविली जाणार होती.

हे काम अंगावर घेणारी संस्था म्हणजे १८२२ साली एल्फिन्स्टनच्या आश्रयाखाली निघालेली हैंदशाळा शाळापुस्तक मंडळी. पुढे तिलाच बॉम्बे नेटिव्ह एज्युकेशन सोसायटी हे नाव मिळाले. मंडळीने देशी शाळांची चौकशी केली तेव्हा चार उणिवा दिसल्या: पुस्तके नाहीत, शिकविण्याची सुलभ रीत नाही, योग्य शिक्षक नाहीत आणि पैसा नाही. मंडळीचे चिटणीस कॅप्टन जॉर्ज जर्व्हिस हे पेशाने इंजिनिअर. मराठी त्यांना उत्तम येत असे आणि गणिताची पुस्तके देशी भाषांत आणण्याचा ध्यास त्यांनी घेतला होता. त्यांच्या जोडीला सदाशिव काशीनाथ ऊर्फ बापू छत्रे होते. त्यांचे 'बाळमित्र' आणि 'इसपनीतिकथा' १८२८ मध्ये याच खटाटोपातून निर्माण झाले. ग्रंथ आणि ग्रंथ शिकविणारा माणूस ही दोन्ही एकाच कारखान्यात घडत होती. अर्वाचीन मराठी गद्याचा जन्म शाळेत झाला, असे जे म्हटले जाते ते या अर्थाने. चोवीस शिक्षक याच मंडळीने तयार केले. त्यांपैकी गुजरातेत गेलेल्यांत सुरतेचे दुर्गाराम मेहताजी होते, आणि गुजरातच्या सामाजिक सुधारणेच्या इतिहासात त्यांना अग्रस्थान आहे. शाळामास्तराच्या मार्गाने सुधारक निपजण्याची ही परंपरा मराठीत पुढे फार फोफावली.

नवा मास्तर गावात पोहोचला तरी त्याचे आसन स्थिर नव्हते. १८४० मध्ये शिक्षणाचा कारभार बोर्ड ऑफ एज्युकेशनकडे गेला, आणि १८४३ पासून त्याचे अध्यक्ष असलेले सर अर्स्किन पेरी हे इंग्रजी माध्यमाचे कट्टर पुरस्कर्ते होते. थोड्यांना इंग्रजीतून उत्तम शिकवावे, खाली ते आपोआप झिरपेल, हा त्यांचा विचार. बोर्डावरच असलेले जर्व्हिस, जगन्नाथ शंकरशेट, फ्रामजी कावसजी आणि महंमद इब्राहिम मकबा यांनी त्याला विरोध केला. ज्ञान बहुजनांपर्यंत जायचे असेल तर ते त्यांच्याच भाषेतून गेले पाहिजे, असे या चौघांचे म्हणणे. सरकारने प्राथमिक पातळीवर देशी भाषा राखल्या. हा वाद भाषेचा म्हणून प्रसिद्ध आहे, पण तो तितकाच शिक्षकाचाही होता. पेरींचा पक्ष निखालस विजयी झाला असता, तर मराठी मास्तर तयार करण्याचे कारणच उरले नसते.

या वादाच्या ऐन भरात, १८४५ मध्ये, एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनला जोडून नॉर्मल क्लास उघडला आणि त्याचे संचालक म्हणून बाळशास्त्री जांभेकरांची नेमणूक झाली. 'दर्पण'चे संपादक, गणिताचे अध्यापक, ताम्रपटांचे वाचक अशा अनेक नात्यांनी बाळशास्त्री ओळखले जातात. शिक्षकांचे शिक्षक हे त्यांचे अखेरचे काम सहसा शेवटी येते. जिल्ह्यांतून आलेल्या तरुणांना विषय तर शिकवायचेच, पण तो विषय मुलांपुढे कसा मांडावा हेही शिकवायचे, ही कल्पनाच येथे नवी होती. हे काम त्यांना वर्षभरच लाभले. मे १८४६ मध्ये, पस्तिशी गाठण्याच्या आसपास, ते निधन पावले. वर्गाची धुरा दादोबा पांडुरंग यांच्याकडे आली. मराठीचे पहिले महत्त्वाचे व्याकरण लिहिणारा माणूस मराठी मास्तरांच्या वर्गावर असावा हा योग चांगलाच. त्या व्याकरणाची भाषा खेड्यापाड्यांतील फळ्यावर पोहोचली ती याच वाटेने.

१८५४ च्या वुडच्या खलित्यानंतर विद्याखाते निर्माण झाले. मग सारेच बांधीव होत गेले. इन्स्पेक्टर आले, त्यांच्या हाताखाली 'डिपोटी' आले, मेजर कँडी यांच्या देखरेखीखालील क्रमिक पुस्तके आली. पुण्यात ट्रेनिंग कॉलेज उभे राहिले आणि त्याचे प्रमुखपद कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी भूषविले. त्यांच्याकडेच 'मराठी शालापत्रक' होते. खेड्यातील मास्तराच्या हाती पडणारे हे मासिक म्हणजे त्याचा नव्या ज्ञानाशी असलेला एकुलता एक धागा. पुढे ते विष्णुशास्त्र्यांच्या हाती गेले आणि त्याचा स्वर इतका बदलला की १८७५ मध्ये सरकारने ते बंद केले. मास्तरांसाठी काढलेल्या मासिकात निबंधमालेचा हात तयार झाला, हे मराठी निबंधाच्या अभ्यासकाने ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

या साऱ्याचा खर्च कोठून येई? १८६३ च्या सुमारास जमीनमहसुलाच्या दर रुपयामागे एक आणा स्थानिक पट्टी बसविण्यात आली आणि तिचा तिसरा हिस्सा शिक्षणासाठी राखून ठेवला गेला. म्हणजे खेड्यातील शाळा प्रामुख्याने शेतकऱ्याच्या पैशावर चालू लागली. या शाळेत त्याचे पोर किती दिसते, हा प्रश्न मग अपरिहार्य होता.

त्याहून कडवा प्रश्न त्याआधीच धारवाडला निघाला होता. धारवाड तेव्हा मुंबई इलाख्यात होते. १८५६ च्या जूनमध्ये एका महार मुलाने अर्ज केला की, फी द्यावयास तयार असूनही सरकारी शाळेत आपल्याला प्रवेश नाकारला गेला. सरकारने तत्त्व त्याच्या बाजूचे मानले, पण एका मुलासाठी शाळा ओस पडेल या भीतीने हस्तक्षेप केला नाही. दोन वर्षांनी, केवळ सरकारी खर्चाने चालणाऱ्या सर्व शाळा सर्व जातींना खुल्या राहतील असे जाहीर झाले. जाहीरनामा आणि ओसरी यांच्यातले अंतर मोजायला कोणताही इन्स्पेक्टर नेमला नव्हता. खुल्या शाळेतही हे मूल दाराबाहेर बसे. त्याची पाटी हातात न घेता तपासली जाई. आणि हे करणारा मास्तर पुष्कळदा ट्रेनिंग कॉलेजातून उत्तीर्ण झालेला असे. अध्यापनशास्त्राने त्याला वाचनपाठ कसा घ्यावा हे शिकविले होते, शिवाशिवीविषयी काही शिकविले नव्हते.

नेमक्या याच ठिकाणी जोतीराव फुले यांनी बोट ठेवले. १८६९ साली त्यांनी 'विद्याखात्यातील ब्राह्मण पंतोजी' हा पवाडा प्रसिद्ध केला तेव्हा त्यांचे लक्ष्य जुना पंतोजी नव्हता, नव्या खात्याच्या पगारावरचा मास्तर होता. १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे त्यांनी जे निवेदन सादर केले, ते शिक्षकाविषयी मराठी माणसाने केलेल्या विचारांतील सर्वांत व्यवहारी लेखन म्हणावे लागेल. इलाख्यातील जवळजवळ नऊ-दशांश खेड्यांत, म्हणजे सुमारे दहा लक्ष मुलांसाठी, प्राथमिक शिक्षणाची काहीच सोय नाही, असे सांगितले जात असल्याचे त्यांनी आयोगापुढे मांडले. बारा वर्षांपर्यंत शिक्षण सक्तीचे असावे, निदान विशिष्ट मर्यादेपर्यंत, ही मागणी केली. पण त्यांच्या विवेचनाचा गाभा शिक्षक हाच आहे. शिक्षक शिकून तयार झालेले असावेत, आणि शक्य तेथे शेतकरी वर्गातून घेतलेले असावेत. नांगराची मूठ किंवा सुताराची वाकस हाती धरण्याची लाज न वाटणारे असावेत. अभ्यासक्रमात मोडी आणि बाळबोध, हिशेब, इतिहास-भूगोल, व्याकरण यांच्याबरोबर शेतीचे प्राथमिक ज्ञान, नीती आणि आरोग्य यांचे सोपे पाठ असावेत. शिकून तयार झालेल्या मास्तराला दरमहा बारा रुपयांहून कमी पगार नसावा. मोठ्या गावी तो पंधरा-वीस असावा.

आणखी एक सूचना त्यांनी केली, जिच्याकडे अभ्यासकांचे फारसे लक्ष गेलेले नाही. गावात मास्तराचे वजन वाढावे म्हणून त्याच्याकडे गावाचे हिशेब तपासण्याचे, दस्तऐवज नोंदविण्याचे, टपालाचे किंवा मुद्रांकविक्रीचे काम द्यावे, असे त्यांनी सुचविले. फुल्यांना गावगाडा पुरता ठाऊक होता. ज्याच्या हाती कागद, त्याच्यापुढे गाव वाकते. तो कागद कुलकर्ण्याच्या दप्तरातून काढून शिकलेल्या शेतकऱ्याच्या पोराच्या हाती द्यावा, असा या सूचनेचा रोख होता.

मुलींच्या शाळांचा प्रश्न शिक्षकापाशीच अडत होता, कारण वयात येणारी मुलगी पुरुष मास्तरापुढे बसविण्यास घरचे तयार नसत. १८४८ साली पुण्यात भिडेवाड्यात मुलींची शाळा निघाली, तेव्हा सावित्रीबाई फुले यांनी शिकविण्याचे काम पत्करले. अहमदनगरला मिस फॅरार आणि पुण्यात मिसेस मिचेल या मिशनरी बाईंकडे त्यांनी अध्यापनाचे शिक्षण घेतल्याचे चरित्रकार सांगतात. रस्त्याने जाताना अंगावर पडलेल्या शेणाची कथा घरोघर सांगितली जाते. त्या मानाने ही गोष्ट, म्हणजे त्यांनी हे काम रीतसर शिकून केले ही, मागे पडते. १८६६ मध्ये मेरी कार्पेंटर या इंग्रज बाई अहमदाबाद, पुणे, मुंबई येथे फिरल्या आणि स्त्रीशिक्षिकांच्या शाळांसाठी त्यांनी सरकारला भंडावून सोडले. १८७० च्या सुमारास पुण्यात स्त्रियांचे ट्रेनिंग कॉलेज सुरू झाले. तेथे येणार कोण? पुष्कळशा विधवा, काही शिक्षकांच्याच बायका. १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे पंडिता रमाबाई यांनीही साक्ष दिली. शिक्षिका रीतसर तयार केलेल्या असाव्यात, त्यांना पुरुषांपेक्षा अधिक वेतन असावे, मुलींच्या शाळा तपासायला स्त्री-इन्स्पेक्टर असाव्यात, असे त्यांचे म्हणणे होते. एकाच वर्षी, एकाच आयोगापुढे, फुले आणि रमाबाई या दोघांनीही वेतनाचा मुद्दा काढावा हा योगायोग नव्हे. फुकटचा आदर पुरेसा आहे असे शिक्षकांविषयी म्हणणारे लोक सहसा दुसऱ्याच कोणत्यातरी पेशात असतात.

फुल्यांच्या अपेक्षेतील शिक्षक विद्याखात्याने फारसे घडविले नाहीत. काही घडले ते अनपेक्षित ठिकाणी, लष्करात. कंपनीच्या पलटणींत शिपाई आणि त्यांची मुले यांना शिकणे भाग होते. त्यासाठी लागणारे शिक्षक पुण्याच्या लष्करी नॉर्मल स्कूलमध्ये तयार होत. रामजी मालोजी सकपाळ तेथून पदविका घेऊन बाहेर पडले आणि पलटणीच्या शाळेत चौदा वर्षे हेडमास्तर होते. डॉ. भीमराव आंबेडकर हे त्यांचे चौदावे अपत्य. ज्या समाजाच्या मुलाला धारवाडच्या सरकारी शाळेचे दार उघडले नाही, त्या समाजातील एक माणूस हेडमास्तर होऊ शकला, कारण पलटणीची शाळा विद्याखात्याच्या कक्षेत नव्हती. पुढे १८९० नंतर महारांची लष्करभरती थांबली आणि हीही वाट मिटली.

संस्थानांत चित्र थोडे निराळे होते. बडोद्यात सयाजीराव गायकवाड यांनी १८९३ मध्ये अमरेली भागात सक्तीच्या शिक्षणाचा प्रयोग केला आणि १९०६ मध्ये तो सर्व राज्याला लागू केला. तेथेही अडचण आली ती शिक्षकांचीच. अंत्यज मुलांच्या शाळांवर जायला सवर्ण हिंदू शिक्षक मिळेनात, म्हणून आरंभी मुसलमान शिक्षक नेमावे लागले. नंतर पंजाबातून आर्यसमाजी पंडित आत्माराम यांना पाचारण करण्यात आले. राजाचा हुकूम, खजिन्यातला पैसा आणि कायदा हे तिन्ही हाताशी असताना शाळा शिक्षकावाचून अडते, याचा याहून स्पष्ट दाखला दुसरा नाही. ब्रिटिश मुलखात गोपाळ कृष्ण गोखले यांनी १९११ मध्ये केंद्रीय विधिमंडळात प्राथमिक शिक्षणाचे विधेयक आणले. पुढल्या वर्षी ते १३ विरुद्ध ३८ मतांनी फेटाळले गेले. १९१७ मध्ये शाहू छत्रपतींनी कोल्हापुरात मोफत आणि सक्तीच्या शिक्षणाचा हुकूम काढला. विठ्ठलभाई पटेल यांच्या खटपटीने मुंबई इलाख्याला १९१८ चा कायदा मिळाला, पण त्याचा भर नगरपालिकांवर होता.

खेड्यांचे काम भाऊराव पाटलांच्या वाट्याला आले. १९१९ मध्ये स्थापन झालेल्या रयत शिक्षण संस्थेची ख्याती वसतिगृहांसाठी आहे. पण १९३५ साली साताऱ्यात निघालेले सिल्व्हर ज्युबिली रूरल ट्रेनिंग कॉलेज हे तिच्या कामातील मर्माचे स्थान मानावे लागेल. येथे येणारी मुले बहुतेक शेतकऱ्यांची आणि कारागिरांची. ती एका पंगतीला जेवत, राबत, शिकत, आणि मग डोंगरकपारीतल्या वाडीवर एकशिक्षकी व्हॉलंटरी शाळा चालवायला जात. अशा शाळांची संख्या पाचशेच्या वर गेली. नांगराची मूठ धरण्याची लाज नसलेला मास्तर, ही फुल्यांनी १८८२ मध्ये घातलेली अट अर्ध्या शतकानंतर सातारच्या माळावर पुरी होत होती. आणि ती पुरी करणारे भाऊराव सत्यशोधक चळवळीतूनच आले होते.

वाडीच्याही पलीकडे पाडे होते. भावनगरच्या दक्षिणामूर्ती संस्थेत गिजुभाई बधेका यांच्याबरोबर बालशिक्षणाचे आणि १९२५ पासून अध्यापन मंदिराचे काम केलेल्या ताराबाई मोडक १९४५ मध्ये ठाणे जिल्ह्यातील बोर्डीला आल्या. तेथे अनुताई वाघ त्यांच्या सहकारी होत्या. मुले शाळेत येत नाहीत तर शाळा मुलांकडे न्यावी, असे म्हणून त्यांनी अंगणात वर्ग भरविले. १९५७ मध्ये काम कोसबाडच्या टेकडीवर गेले. गुरे राखणाऱ्या वारली मुलांसाठी कुरणशाळा निघाली. मोंटेसरीची महाग साधने बाजूला पडली. बिया, शिंपले, खडे, पाने यांवर मोजणी शिकविण्याची तालीम तेथील शिक्षिकांना मिळाली. धूळपाटी जिथे सुरू झाली होती त्या ठिकाणाहून हे फार दूर नव्हते.

फुल्यांनी मास्तराला देऊ केलेले गावकीचे काम त्याच्याकडे खरोखरच आले. विसाव्या शतकात कित्येक खेड्यांत शाखा-टपालकचेरी शाळेच्याच खोलीत असे. मनीऑर्डरीचे पैसे मास्तर वाटी आणि आलेले पत्रही तोच वाचून दाखवी. नंतर मतदारयाद्या आल्या, खानेसुमारी आली, शालेय पोषण आहाराच्या तांदळाचा हिशेब आला. यातून मास्तराचे वजन वाढले की त्याचा वेळ गेला, याचे उत्तर त्या त्या गावी निराळे मिळते. २००९ च्या बालकांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षण हक्क कायद्यात कलम २७ घालून शिक्षकांना बिगर-शैक्षणिक कामे देण्यास मनाई करण्यात आली. त्याच कलमाने तीन कामे वगळली: दशवार्षिक जनगणना, आपत्तिनिवारण आणि निवडणूक.